वादाच्या घरांतील दिवा

सन १८८२ हें वर्ष उजेडाच्या इतिहासांत मोठें चमत्कारिक आहे. त्या वर्षीं मुंबईच्या क्रॉफर्ड मार्केटांत विजेचा दिवा प्रथम लागला. त्याच वर्षीं विलायतेंत पार्लमेंटनें विजेच्या दिव्यांसंबंधीं पहिला कायदा केला; आणि त्याच वर्षीं हिंदुस्थानच्या कायदेमंडळानें सुखाधिकारांचा, म्हणजे एकाच्या जागेवर दुसऱ्यास असणाऱ्या वाटेच्या, पाण्याच्या व उजेडाच्या हक्कांचा, कायदा मंजूर केला. हा शेवटचा कायदा मुंबई इलाख्यास सन १८९१ मध्यें लागू झाला. त्यांतील एक कलम असें सांगतें कीं, एखाद्या इमारतींत येणारा उजेड वीस वर्षें शांतपणें, अखंड आणि हक्क म्हणून भोगला गेला असेल, तर तो हक्क पक्का होतो. मग शेजाऱ्यानें भिंत चढवून तो हिरावून घेऊं नये. सूर्याचा उजेड फुकटचा. त्याला अर्ज नाहीं, अनामत नाहीं, मीटर नाहीं. तरी त्याच्यासाठीं कायद्यानें इतकी काळजी वाहिली. तारेंतून येणाऱ्या उजेडाची तशी तजवीज व्हावयास मात्र शंभराहून अधिक वर्षें जावीं लागलीं.

क्रॉफर्ड मार्केटांतील ते दिवे फार काळ टिकले नाहींत. वीज पुरविणारी कंपनी थोड्याच अवधींत बुडाली आणि मंडईंत पुनः गॅसचे दिवे आले. पण येथें विचार करावयाचा तो दिवा लागण्या-विझण्याचा नव्हे. तो कोणाच्या सांगण्यावरून लागावा, याचा आहे. घर एकाच्या नांवावर असतें आणि राहतो दुसरा. हा दुसरा कधीं भाडेकरू असतो, कधीं पोटभाडेकरू. कधीं वाटणीच्या दाव्यांत अडकलेल्या भावांपैकीं एक, कधीं नवऱ्याच्या पश्चात् सासरच्या घरांत राहिलेली सून. तर कधीं कोणाच्याहि परवानगीवांचून झोपडी घालून वीस वर्षें संसार केलेला मजूर. शहाण्यानें कोर्टाची पायरी चढूं नये, असें म्हणतात खरें. पण ज्याच्या घरावरच दावा लागला त्याला शहाणपणाची ही सवलत मिळत नाहीं. दिवाणी दावा वर्षानुवर्षें चालतो, त्यावर अपील होतें, अपिलावर पुनः अपील होतें. तोंपर्यंत त्या घरांत स्वयंपाक होतो, मुलें अभ्यासाला बसतात, कोणी आजारी पडतें. मालकी कोणाची हें न्यायाधीश सावकाश ठरवील. पण संध्याकाळ रोजच होते.

या प्रश्नाचें पहिलें उत्तर कायद्यानें जणूं नकळत देऊन ठेवलें होतें. सन १८९९ मध्यें इंग्लंडांत वीजकंपन्यांच्या परवान्यांत घालावयाचीं ठराविक कलमें एकत्र करणारा एक कायदा झाला. मुख्य वाहिनीपासून पन्नास यार्डांच्या आंत असलेल्या कोणत्याहि जागेच्या मालकानें अथवा वहिवाटदारानें मागणी केली म्हणजे कंपनीनें वीज दिलीच पाहिजे, असें बंधन त्यांत होतें. वहिवाटदाराचा हा उल्लेख करुणेपोटीं आलेला नाहीं. त्या काळीं इंग्लंडांतील बहुसंख्य कुटुंबें भाड्याच्या घरांत राहत. कंपनीला गिऱ्हाईक पाहिजे होतें, आणि दिव्याचे पैसे देणार तोच, जो दिव्याखालीं बसणार. शिवाय सरकारनें कंपनीला सार्वजनिक रस्ते खणण्याचा अधिकार दिला होता. रस्ता सर्वांचा खणावयाचा आणि वीज मात्र मर्जींतल्या चार घरांना द्यावयाची, हें चालण्यासारखें नव्हतें. व्यापार आणि न्याय यांची गांठ अशी क्वचितच पडते. पण येथें ती पडली खरी.

हिंदुस्थानांत विजेचा परवाना देण्याचा स्वतंत्र कायदा प्रथम बंगालनें सन १८९५ मध्यें कलकत्ता शहरापुरता केला, आणि १८९९ च्या एप्रिलांत तेथील इमामबाग गल्लींतील वीजघर सुरू झालें. सबंध देशासाठीं सन १८८७ मध्यें एक आणि १९०३ मध्यें दुसरा असे कायदे झाले. पण पुढें जवळ जवळ शंभर वर्षें ज्याच्यावर कारभार चालला तो कायदा म्हणजे सन १९१० चा नववा. त्यानें दोन गोष्टी स्पष्ट केल्या. एक ही कीं, ज्या क्षेत्रांत परवानेदार वीज पुरवितो तेथील प्रत्येक माणसाला, शेजाऱ्याला ज्या अटींवर ती मिळते त्याच अटींवर, अर्ज केल्यास वीज मिळण्याचा हक्क आहे. दुसरी गोष्ट कायद्याच्या परिशिष्टांत होती. मालकानें अथवा वहिवाटदारानें लेखी मागणी केल्यापासून एका महिन्याच्या आंत, किंवा विद्युत् निरीक्षक मुदत वाढवून देईल तर तेवढ्या अवधींत, परवानेदारानें पुरवठा सुरू करावा. त्या बदल्यांत मागणाऱ्यानें निदान दोन वर्षें वीज घेण्याचा करार लिहून द्यावा, तारण द्यावें, आणि मुख्य वाहिनीपासून शंभर फुटांच्या पलीकडे तार न्यावी लागल्यास तिचा व आपल्या जागेंतील तारेचा खर्च सोसावा. बिल थकलें तर पुरवठा तोडावयाचा. पण तोहि सात पुरत्या दिवसांची लेखी नोटीस देऊन.

एवढ्यावर हा इतिहास संपला असता. पण त्याच कायद्याच्या बाराव्या कलमांत एक बारीकशी गोम होती. ज्या इमारतींत किंवा खाजगी जमिनींत पूर्वीं तार गेलेली नाहीं तेथें ती नेण्यास परवानेदाराला मालकाची आणि वहिवाटदाराची अशी दोघांची संमति पाहिजे, असें तें कलम सांगत होतें. परिशिष्टांत 'अथवा' होतें. बाराव्या कलमांत 'आणि' होतें. म्हणजे वीज मागावयास एकटा वहिवाटदार पुरेसा, पण ती तार भिंतींतून आंत यावयाची तर मालकाचें 'होय' पाहिजे. एका हातानें दिलेलें दुसऱ्या हातानें काढून घेण्याचा हा प्रकार कायदा करणाऱ्यांनीं बुद्धिपुरस्सर केला असेल असें वाटत नाहीं. रस्त्याच्या कडेच्या बंगल्याच्या भिंतींत कंपनीच्या माणसांनीं न विचारतां खिळे ठोकूं नयेत, एवढाच त्यांचा हेतु असावा. परंतु कायद्यांतील एका शब्दाच्या पोटांत किती अंधार मावतो, हें पुढें चाळींत आणि वाड्यांत राहणाऱ्यांना कळून आलें.

मुंबईंत 'बाँबे इलेक्ट्रिक सप्लाय अँड ट्रामवेज' ही कंपनी सन १९०५ मध्यें स्थापन झाली. १९०७ च्या मे महिन्याच्या ७ तारखेस विजेची ट्राम धांवूं लागली. आणि १९१५ मध्यें खोपोलीची वीज टाटांच्या कंपनीनें मुंबईच्या गिरण्यांस दिली. शहर वाढलें, जागा मिळेनाशा झाल्या, आणि पहिल्या महायुद्धाच्या शेवटीं, सन १९१८ मध्यें, भाडेवाढीस आळा घालणारा कायदा करावा लागला. भाडें वाढवितां येत नाहीं आणि भाडेकरूला सहज घालवितां येत नाहीं, अशा स्थितींत काढतें घर करून घेण्याचा एक सोपा मार्ग उरतो. नळ बंद करावा, जिन्यावरचा दिवा काढून घ्यावा, खोलींत जाणारी तार तोडावी. यासाठीं वकील लागत नाहीं, पक्कड पुरते.

हा मार्ग किती रुळला होता तें सन १९४७ च्या मुंबई भाडेनियंत्रण कायद्यावरून दिसतें. त्याचें चोविसावें कलम असें कीं, भाडेकरू जी आवश्यक सोय भोगीत आहे ती घरमालकानें स्वतः किंवा दुसऱ्याच्या हातून, सबळ कारणावांचून, तोडूं नये वा अडवून धरूं नये. आवश्यक सोय म्हणजे काय तें सांगतांना कायद्यानें पाणी आणि वीज हीं तर घातलींच, पण बोळांतले व जिन्यांतले दिवे, उद्वाहक आणि सफाईची व्यवस्था यांचीहि नांवें घेतलीं. कायदा करणाऱ्याला जिन्यांतल्या दिव्याचें नांव घ्यावें लागतें, तेव्हां कोणी तरी तो दिवा काढलेला असतो. त्याच वर्षीं ७ ऑगस्ट रोजीं वीज आणि ट्राम यांचा सगळा कारभार कंपनीकडून मुंबई महानगरपालिकेकडे आला. स्वराज्याच्या आधीं आठ दिवस शहराचे दिवे शहराच्या मालकीचे झाले.

तथापि या चोविसाव्या कलमाला एक मर्यादा होती. तें भोगीत असलेल्या सोयीचें रक्षण करीत होतें. जी सोय कधीं भोगलीच नाहीं तिच्याबद्दल तें मुकें होतें. ज्या खोलींत दिवा होता त्या खोलींतला दिवा कायद्यानें वांचविला. ज्या खोलींत कंदील होता तेथें कंदीलच राहिला. आणि दुसरें असें कीं, हें संरक्षण भाडेकरूचें होतें. वाटणीच्या दाव्यांतला भाऊ, विधवा सून, झोपडींतला मजूर हे भाडेकरू नव्हते. सन १९९९ चा महाराष्ट्र भाडेनियंत्रण कायदा ३१ मार्च २००० पासून अमलांत आला, त्यांतहि हें संरक्षण बहुतेक याच भाषेंत पुढें चाललें.

इकडे कबजाच्या बाबतींत हिंदुस्थानांतील न्यायाची परंपरा पुष्कळ उदार होती. सन १८७७ च्या कायद्यानें असा नियम घालून दिला होता कीं, कायद्याची वाट सोडून कोणी कोणाला घरांतून वा जमिनींतून काढलें, तर काढलेल्या माणसानें सहा महिन्यांच्या आंत दावा करावा. कोर्ट त्याची मालकी विचारणार नाहीं, नुसता कबजा परत देववील. मुंबई इलाख्यांत शेतजमिनीच्या बाबतींत हेंच काम मामलेदाराकडे होतें, आणि सन १९०६ च्या कायद्यानें त्याची पद्धत बांधून दिली. सन १९२४ मध्यें मिदनापूरच्या एका जमीनदारी कंपनीच्या खटल्यांत प्रीव्ही कौन्सिलनें सांगून टाकलें कीं, हिंदुस्थानांत हक्कदारालासुद्धां दांडगाईनें कबजा घेतां येत नाहीं; त्यानें तो कोर्टामार्फतच मिळविला पाहिजे. स्वातंत्र्यानंतर सर्वोच्च न्यायालयानें हीच वाट पुढें नेली. सन १९७५ मध्यें पंजाबांतील एका खटल्यांत त्यानें 'स्थिर कबजा' कशाला म्हणावें याच्या खुणा सांगितल्या. माणूस पुरेसा काळ तेथें असावा. मालकाला तें ठाऊक असावें, लपूनछपून नसावें. आणि शेतजमीन असेल तर त्यानें तेथें पीक घेतलें कीं काय तेंहि पाहावें. पिकाची ही खूण मोठी बोलकी आहे. बी पेरून तें उगवेपर्यंत जो राहिला तो रात्रींतून शिरलेला उपटसुंभ नव्हे, हें कोणत्याहि कुणब्यास सांगावें लागणार नाहीं. पुढें २००३ च्या अखेरीस त्याच न्यायालयानें, स्थिर कबजाची एकच एक कसोटी सर्वत्र लावतां येणार नाहीं, ज्या त्या प्रकरणाची हकीगत पाहून ठरवावें लागेल, अशी पुस्ती जोडली.

असे हे दोन प्रवाह, एक कबजाच्या कायद्याचा आणि दुसरा विजेच्या कायद्याचा, कित्येक दशकें शेजारीं शेजारीं वाहत राहिले आणि एकमेकांस मिळाले नाहींत. कबजाचा कायदा वहिवाटदाराला भिंतींच्या आंत सुरक्षित ठेवी. विजेचा कायदा त्याला त्याच भिंतींच्या आंत अंधारांत ठेवी. या दोहोंच्या मधल्या जागेंत एक कागद जन्मास आला, तो म्हणजे 'ना-हरकत दाखला'. वीजकचेरींत अर्ज घेऊन गेलें कीं कारकून विचारी, घर कोणाच्या नांवावर? मालकाचा दाखला कोठें आहे? कारकुनाला सर्वस्वीं दोष देणें बरोबर होणार नाहीं. बाराव्या कलमांतला 'आणि' त्याच्या डोळ्यांपुढें असे; शिवाय दाव्यांतल्या घराला मीटर दिला म्हणून उद्यां आपल्यालाच साक्षीला ओढतील, ही धास्ती असे. पण परिणाम असा झाला कीं, ज्याच्याशीं भांडण चालूं आहे त्याच्याकडेच जाऊन वहिवाटदारानें सही मागावी, अशी अपेक्षा केली जाऊं लागली. ज्याला घर खालीं करून पाहिजे तो ही सही कशाला देईल? दावा जिंकण्यास वीस वर्षें लागतील. सही न देण्यास कांहींच लागत नाहीं.

मालकाची बाजू मात्र सगळी खोटी नव्हती. बारा वर्षें उघडपणें आणि मालकाच्या हक्कास विरोध करून कबजा राखला, तर वहिवाटदार मालक बनूं शकतो, असा मुदतीच्या कायद्याचा दंडक आहे. तेव्हां ज्याच्या नांवावर विजेचें बिल निघालें त्याच्या हातांत दर महिन्यास एक तारीखवार कागद जमा होतो. आणि अशा कागदांची चळत उद्यां कोर्टापुढें ठेवली जाईल, ही भीति मालकास वाटणें स्वाभाविक होतें. बिल हें राहणाऱ्याचा पुरावा असूं शकतें, मालकीचा नव्हे, हा भेद न्यायालयें वारंवार सांगत आलीं. पण ज्याचें घर अडकलें आहे त्याचें समाधान अशा बारीक भेदानें होत नाहीं. दुसरी भीति अधिक व्यवहाराची होती. राहणारा बिल थकवून निघून गेला तर मागें राहिलेली बाकी कोणी भरावयाची? याचें उत्तर पुढें येईलच.

शहरांतील झोपडपट्ट्यांत हा प्रश्न हजारपट होऊन उभा राहिला. तेथें वाद एका घराचा नसून सबंध जमिनीचा असतो, आणि मालक पुष्कळदां सरकार, नगरपालिका किंवा रेल्वे असते. सन १९७६ च्या जानेवारींत मुंबईंतील झोपड्यांची गणना झाली आणि गणनेंत सांपडलेल्यांना छायाचित्र असलेले परवाने मिळाले. ज्याच्याजवळ तो कागद, त्याला सोयी मागण्यास तोंड. ज्याच्याजवळ नाहीं, त्यानें शेजाऱ्याच्या मीटरवरून तार ओढून घ्यावी आणि दिव्यामागें शेजारी मागेल ती रक्कम भरावी. १९१० च्या कायद्यानें वीज अप्रामाणिकपणें ओढून घेणें ही चोरी ठरविली होती. त्या कायद्याच्या दृष्टीनें तो गुन्हा. पण सरळ वाटेनें मागावयास गेलें तर दार बंद, ही गोष्ट त्या कायद्याला दिसत नव्हती. गरिबाला उजेड अशा रीतीनें महागांत पडे आणि वर उघड्या तारांचा धोका पदरीं येई. अहमदाबादेंत सन २००१ च्या सुमारास वीजकंपनी, महानगरपालिका आणि कांहीं सेवाभावी संस्था यांनीं मिळून या गांठींतून एक वाट काढली. वीजजोडामुळें जमिनीवर कोणताहि हक्क उत्पन्न होत नाहीं असें राहणाऱ्यानें लिहून द्यावें, आणि कंपनीनें मालकीचा कागद न मागतां मीटर द्यावा. जमिनीचा प्रश्न जमिनीपाशीं आणि दिव्याचा प्रश्न दिव्यापाशीं सोडवावयाचा, ही ती युक्ति. इतकी साधी गोष्ट सुचण्यास नव्वद वर्षें कां लागावीं, याचें उत्तर बहुधा असें कीं, अंधारांत बसणारे आणि नियम करणारे एका खोलींत बसत नाहींत.

न्यायालयांची भाषाहि या काळांत बदलत होती. सन १९८५ मध्यें मुंबईच्या पदपथांवर राहणाऱ्यांच्या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें उपजीविकेचा हक्क हा जगण्याच्या हक्कांत येतो असें म्हटलें, जरी त्या लोकांचे पदपथांवरील निवारे कायमचे राहूं द्यावे असें मात्र त्यानें मानलें नाहीं. दहा वर्षांनीं, १९९५ च्या डिसेंबरांत, उत्तर प्रदेशांतील चमेली सिंग यांच्या प्रकरणांत तेंच न्यायालय म्हणालें कीं, निवारा म्हणजे डोक्यावरचें नुसतें छप्पर नव्हे. पुरेशी जागा, स्वच्छ परिसर, उजेड, शुद्ध हवा व पाणी, वीज आणि सफाई हींहि त्यांत आलीं. १८८२ च्या कायद्यानें खिडकींतून येणाऱ्या ज्या उजेडाची काळजी घेतली होती, त्याच्या शेजारीं आतां वीज येऊन बसली.

मग आला सन २००३ चा वीजकायदा, आणि त्याबरोबर १९१० चा कायदा इतिहासजमा झाला. नव्या कायद्याच्या त्रेचाळिसाव्या कलमानें जुनेंच सूत्र पुनः सांगितलें. मालकानें अथवा वहिवाटदारानें अर्ज केल्यावर एका महिन्यांत पुरवठा द्यावा. न दिल्यास दिवसाला हजार रुपयांपर्यंत दंड. परंतु खरा फरक तीन वर्षांनीं, २००६ मध्यें, परवानेदारांच्या कामांसंबंधीं केंद्र सरकारनें जे नियम केले त्यांत पडला. त्यांतील तिसऱ्या नियमानें इमारतींतून तार नेण्यास मालकाची अथवा वहिवाटदाराची संमति पुरेशी मानली. आणि त्यांच्यापैकीं कोणी हरकत घेतलीच, तर परवानेदारानें जिल्हादंडाधिकाऱ्याकडे किंवा पोलीस आयुक्ताकडे जाऊन लेखी परवानगी आणावी, असें ठरलें. बाराव्या कलमांतला 'आणि' शहाण्णव वर्षांनीं गळून पडला आणि त्याच्या जागीं 'अथवा' आला. या बदलाची वर्तमानपत्रांत फारशी चर्चा झाली नसेल. राजपत्रांतल्या एका अव्ययाकडे कोण लक्ष देतो? पण वादाच्या घरांत राहणाऱ्यांसाठीं एवढें मोठें स्थित्यंतर दुसरें झालें नाहीं.

त्याचा अर्थ पुरता उलगडून दाखविला तो कलकत्ता उच्च न्यायालयानें. अभिमन्यु मजुमदार यांच्या प्रकरणांतील हा निवाडा २०११ च्या निवाडेसंग्रहांत छापून आला. स्थिर कबजा असलेल्या माणसास मालकाच्या संमतीवांचून विजेसाठीं अर्ज करतां येतो, आणि कायदेशीर रीतीनें घराबाहेर काढला जाईपर्यंत ती भोगतां येते, असें न्यायालयानें ठरविलें. येथें ते दोन्ही प्रवाह शेवटीं एकत्र आले. 'स्थिर' हा शब्द त्यांत महत्त्वाचा आहे. काल कुलूप तोडून आज मीटर मागावयास येणाऱ्याला या निवाड्याचा आधार नाहीं. मालकाच्या डोळ्यांदेखत वर्षानुवर्षें राहिलेल्याला आहे. आणि 'काढला जाईपर्यंत' या मर्यादेंत मालकाचाहि हक्क शाबूत राहिला. त्याचा दावा दिव्यामुळें एका तसूनेंहि लंगडा होत नाहीं.

सन २०२२ च्या मे महिन्याच्या १३ तारखेस, दिलीप विरुद्ध सतीश या फौजदारी अपिलांत, सर्वोच्च न्यायालयानें हाच विचार थोडक्यांत सांगितला. वीज ही मूलभूत गरज असून तिच्यापासून कोणास वंचित ठेवतां येत नाहीं. घरमालक ना-हरकत दाखला देत नाहीं एवढ्या कारणावरून भाडेकरूला वीज नाकारतां येणार नाहीं. अर्जदार त्या जागेंत प्रत्यक्ष राहतो कीं नाहीं, इतकेंच वीज देणाऱ्यानें पाहावयाचें आहे. ज्या कागदानें कित्येक पिढ्यांची वाट अडविली त्याचें वजन अशा रीतीनें दोन-चार वाक्यांत उतरलें. कचेऱ्यांतून तो कागद मागण्याची संवय एका निवाड्यानें जाईल असें मात्र कोणी समजूं नये. कायदा दिल्लींत बदलतो. टेबलावरचा छापील अर्ज बदलण्यास त्याहून अधिक वेळ लागतो.

राहिला थकलेल्या बाकीचा प्रश्न. सन १९९५ मध्यें बिहारच्या वीजमंडळाविरुद्ध ईशा मार्बल्स या खटल्यांत सर्वोच्च न्यायालयानें असें ठरविलें होतें कीं, पूर्वींच्या ग्राहकाची थकबाकी, जागा विकत घेणाऱ्या नव्या माणसाच्या माथीं मारतां येत नाहीं. कारण करार माणसाशीं असतो, भिंतींशीं नव्हे. यावर राज्याराज्यांतील वीजमंडळांनीं आपल्या पुरवठ्याच्या अटींतच तशीं कलमें घातलीं. जागेवर जुनी बाकी असेल तर ती भरल्यावांचून नवा जोड मिळणार नाहीं, असें तीं सांगत. लिलावांत कारखाने व इमारती घेणाऱ्या अनेकांचा या कलमांशीं झगडा झाला, आणि त्यांचीं प्रकरणें एकत्र होऊन, केरळच्या के. सी. निनान यांच्या नांवानें, १९ मे २०२३ रोजीं निकालांत निघालीं. तीन न्यायाधीशांच्या त्या पीठाचे प्रमुख सरन्यायाधीश धनंजय चंद्रचूड होते. त्रेचाळिसाव्या कलमानें वीज देण्याचें बंधन घातलें असलें तरी तें निरपेक्ष नाहीं, तें रास्त अटींच्या पूर्ततेवर अवलंबून आहे. आणि राज्याच्या नियमांत तशी तरतूद असेल तर जागेवरील जुनी बाकी नव्या जोडापूर्वीं मागतां येते, असें पीठानें सांगितलें. मग वर्षानुवर्षें भांडून ज्यानें आपलें घर मिळविलें, त्या मालकाला दाराच्या किल्लीबरोबर मीटरखालचें जुनें बिलहि हातीं घेण्याची पाळी येऊं शकते; आणि मग तो मुकाट्यानें पैसे भरून दिवा लावतो, किंवा बाकी वसूल करण्यासाठीं निघून गेलेल्या माणसावर नवा दावा लावतो.